डोंगर हटवा, पण आधी हजेरी घ्या

देवनारचा कचऱ्याचा डोंगर हलवण्यासाठी मुंबई महापालिकेने २०२५ मध्ये निविदा काढली. सुमारे १८५ लाख टन जुना कचरा, ११० हेक्टर जागा, तीन वर्षांची मुदत आणि दोन हजार कोटींहून जास्त खर्च. वर्तमानपत्रांतले हे आकडे मी बारकाईने वाचले. वजनकाट्यावर आयुष्य गेलेल्या माणसाची नजर टनाच्या आकड्यावरून सहज पुढे सरकत नाही. बातम्यांत टन होते, हेक्टर होते, कोटी होते. त्या डोंगरावर पोट भरणाऱ्या बायका-माणसं किती, हे मात्र मला एकाही बातमीत सापडलं नाही. कुणी मोजलेलंच नसेल तर छापणार कुठून?

डोंगर हटला पाहिजे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण यंत्रं आत जाऊन उपसा सुरू करतील त्याआधी तिथे राबणाऱ्यांची हजेरी लागली पाहिजे, आणि त्या हजेरीला कंत्राटात जागा मिळाली पाहिजे. या लेखात एवढंच सांगायचं आहे.

माझी आई देवनारला वेचायची. बहात्तरच्या दुष्काळात जालना जिल्ह्यातलं गाव सुटलं. दुष्काळी कामावर खडी फोडून आणि सुकडी खाऊन काही महिने निघाले, मग मनमाडला गाडी बदलून आई-बाप मुंबईला आले. आधी चेंबूरला रुळांच्या कडेला झोपडी होती. सत्तरच्या दशकाच्या मध्यावर तिथून उचलून गोवंडीच्या शिवाजीनगरला आणून टाकलं. दहा बाय पंधराची जागा, पायाखाली भराव, आणि गल्ली संपते तिथे डंपिंग. बापाला नाक्यावर बिगारी काम कधी मिळायचं, कधी नाही. डंपिंगवर काम रोज होतं. तिथे जात विचारत नव्हते, शाळेचा दाखला मागत नव्हते, ओळख लागत नव्हती. गोणी आणि आकडी असली की झालं.

१९७६ साली सरकारने झोपड्यांची गणना केली. आमच्या झोपडीला फोटोपास मिळाला. पत्र्याच्या पेटीत, रेशनकार्डाखाली, आईने तो जन्मभर जपला. सरकारने तिची झोपडी मोजली. तिचं काम कधीच कुणी मोजलं नाही. पंचवीसएक वर्षं तिने या शहराचं लोखंड, काच, पुठ्ठा आणि प्लास्टिक कचऱ्यातून बाहेर काढलं, आणि कागदावर ती शेवटपर्यंत ‘गृहिणी’ राहिली.

पुढे मी तिथेच बैंगनवाडीत भंगाराचा काटा टाकला आणि आता मुलाच्या हाती सोपवला. त्यामुळे हा धंदा मी दोन्ही बाजूंनी पाहिला आहे, गोणीच्याही आणि काट्याच्याही.

ज्यांनी हे काम कधी पाहिलेलं नाही त्यांना वाटतं, कचरा उचलायला काय अक्कल लागते? मग डंपरची ट्रॉली वर उचलली जाते त्या क्षणी तिथे उभं राहून बघा. माल खाली पडतो आणि बुलडोझर तो दाबून टाकतो, यांच्या मधे हातात मिनिटं असतात. तेवढ्यात काय घ्यायचं आणि काय सोडायचं हे ठरवायचं, शेजारणीच्या आकडीत आपली आकडी अडकू द्यायची नाही, मागे येणाऱ्या यंत्राचा आवाज कानाआड होऊ द्यायचा नाही, आणि पायाखाली सुई आहे की काच आहे हे पायानेच ओळखायचं. कुलाबा-मलबार हिलकडची गाडी कोणती, हॉटेलांची कोणती, रॅबिटची म्हणजे बांधकामाच्या राडारोड्याची कोणती, हे बायकांना लांबून कळतं. दिवाळीच्या आधी घरं साफ होतात म्हणून भांडी-पत्रा येतो, दिवाळीनंतर खोकी येतात. पावसाळ्यात पुठ्ठा भिजून जड होतो, पण भाव उतरतो आणि डोंगर निसरडा होतो. उन्हाळ्यात आतल्या वायूने धुमसतो. लहान पोरं दोरीला चुंबक बांधून मातीवरून ओढत न्यायची आणि खिळे, झाकणं, बिल्ले गोळा करायची. हे मी कौतुकाने सांगत नाही. त्या पोरांत मीही होतो.

माल निवडायला तर खरंच शिकावं लागतं. पाण्याची बाटली घ्या, धंद्यात तिला सगळे ‘बिस्लेरी’च म्हणतात. बाटली एका प्लास्टिकची, टोपण दुसऱ्याचं, वरचं वेष्टन तिसऱ्याचं. तिन्ही एकत्र वितळवली तर सगळा माल वाया. वेचणारी बाई न सांगता तिन्ही वेगळी करते. दुधाची पिशवी वेगळी, कडक वेगळं, काळं वेगळं. नुसतं बघून कळलं नाही तर वाजवून बघतात, पाण्यात टाकून बघतात, कोपरा जाळून वास घेतात. परदेशातून आणलेली छाननीची यंत्रं जे करतात म्हणून आपण वाखाणतो, ते काम इथे निरक्षर बायका बोटांनी करतात. फरक इतकाच की यंत्राच्या देखभालीसाठी अंदाजपत्रकात तरतूद असते.

आता काट्याची बाजू. धंद्यातला माणूस म्हणून सांगतो, वेचणारीच्या हातात शेवटच्या किमतीचा सगळ्यात लहान तुकडा येतो. ती माल आणते तो काट्यावर. काटेवाला थोडा साठवून गोदामाला देतो. गोदामातून प्लास्टिकचा बराच माल धारावीच्या तेरा कंपाउंडला जातो. तिथे तो धुतात, चिरतात, वितळवून त्याचा दाणा करतात, आणि त्या दाण्यापासून बादल्या, कंगवे, खेळणी बनतात. प्रत्येक पायरीवर भाव चढतो आणि प्रत्येक पायरीवर हात कमी घाण होतात. ओला माल म्हणून काटेवाला वजनात ‘घट’ धरतो. ती किती धरायची हे तोच ठरवतो. घरात कुणी आजारी पडलं की बाई काट्यावरूनच उचल घेते आणि मग ती फिटेपर्यंत तिचा माल दुसऱ्या काट्यावर जात नाही. बँक तिला दारात उभी करत नाही, म्हणून काटेवाला तिचा सावकार होतो. २०१४ च्या शेवटी जगात खनिज तेल स्वस्त झालं, तेव्हा नवं प्लास्टिक स्वस्त झालं आणि आमच्या गल्लीत जुन्याचा भाव कोसळला. २०१६ च्या नोव्हेंबरात नोटा बंद झाल्या तेव्हा रोखीवर चालणारा हा सगळा धंदा काही आठवडे बसूनच होता. तेलाच्या बाजारात काय चाललं आहे हे डोंगरालगतच्या रफीनगरच्या बाईला कुणी सांगत नाही. तिला ते संध्याकाळच्या पैशांत कळतं.

या साखळीत एक गोष्ट मात्र पक्की असते, ती म्हणजे काटेवाल्याची वही. लाल पुठ्ठ्याची लांब वही. पानावर नाव, तारीख, माल, वजन, रक्कम, उचल. नावं आधारकार्डावरची नसतात. ‘बीडवाली’, ‘पाच नंबरवाली खाला’, ‘सुनीताची आई’ अशी असतात. पण माणूस नेमका कोण ते दोघांनाही माहीत असतं. माझ्याकडे अशा वह्यांचा गठ्ठा आहे, शेजारच्या काट्यांवरही आहेत. देवनारला कुणी काम केलं आणि किती वर्षं केलं याचा लेखी पुरावा या शहरात कुठे असेलच, तर तो या वह्यांत आहे.

गिरण्यांची आठवण इथे येतेच. १९८२ च्या संपानंतर गिरण्या एकामागून एक मिटल्या आणि लाखो कामगार रस्त्यावर आले. त्यांच्यावर अन्याय झाला, हे सगळा महाराष्ट्र जाणतो. तरी एक गोष्ट त्यांच्याकडे होती. मस्टरवर नाव होतं, प्रॉव्हिडंट फंडाची पावती होती, ईएसआयचं कार्ड होतं. त्या कागदांच्या जोरावर वारसदार पुढे म्हाडाच्या सोडतीत उभे राहू शकले, घर मिळालं नाही तर भांडू शकले. देवनारही कारखानाच आहे. साधारण १९२७ पासून चालू असलेला, शेकडो एकरांचा, सुट्टी नसलेला. या कारखान्याच्या कामगाराला मस्टर नाही. त्यामुळे कारखाना बंद झाला तरी कुणी बेरोजगार झालं, असं कागदावर दिसणार नाही.

डंपिंगची दारं बंद झाली की काय होतं, हे मी नुसतं अंदाजाने बोलत नाही. २०१६ च्या जानेवारी अखेरीस देवनारला आग लागली. धूर उपग्रहाच्या छायाचित्रांत दिसला, आसपासच्या शाळा बंद ठेवाव्या लागल्या, सारं शहर खोकलं. मार्चमध्ये पुन्हा आग लागली. त्यानंतर भिंत वाढली, पहारेकरी वाढले, कॅमेरे आले, भंगारवाल्यांची धरपकड झाली. वेचणारेच आग लावतात, असं तेव्हा सर्रास बोललं गेलं. खरं काय ते सांगतो. तांब्यासाठी वायर जाळणारे लोक होते आणि त्यांनी केलं ते चुकीचंच होतं. पण जिथे नऊ दशकं ओला-सुका कचरा एकत्र दाबला गेला, तिथे पोटात मिथेन साठणार आणि तो पेटणार, हे सांगायला तज्ज्ञ लागत नाही. आईच्या काळातही उन्हाळ्यात डोंगर धुमसायचा.

आगीनंतर फेब्रुवारी अखेरीस मुंबई उच्च न्यायालयाने शहरातल्या नव्या बांधकामांना परवानग्या द्यायलाच मनाई केली. कचऱ्याची सोय नाही तर नवी घरं कशाला, हा प्रश्न रास्त होता. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाकडून त्यात सवलत मिळाली. बांधकाम व्यवसायाचं किती नुकसान होतं आहे यावर त्या दोन वर्षांत रकानेच्या रकाने भरून आले. भिंतीमुळे ज्यांची रोजी गेली त्यांच्यावर किती आले, ते तुम्हीच आठवून बघा. काम मात्र थांबलं नाही, फक्त अंधारात गेलं. बायका बॅटरी घेऊन पहाटेच्या आधी आत शिरू लागल्या. पहारेकऱ्याच्या हातावर काही ठेवावं लागू लागलं. जे काम दिवसाउजेडी धोक्याचं होतं ते रात्रीचं करावं लागलं. भिंतीने एवढंच साधलं.

त्याच सुमारास शहराचा बहुतेक कचरा कांजूरमार्गला वळला. तिथे फाटकाच्या आत वेचणाऱ्यांना जागा नाही. मुलुंडचं डंपिंग २०१८ मध्ये बंद झालं. तिथला जुना कचरा उपसायचं काम ठरल्या मुदतीत पुरं झालं नाही, त्याची मुदतवाढ बातमीत येते. तिथल्या वेचणाऱ्या बायका कुठे गेल्या, याची बातमी कधी आली नाही. काही आमच्याकडे आल्या म्हणून मला माहीत. बाकीच्या रस्त्यावरच्या कुंड्या शोधत फिरतात. तिथे सफाई कामगार हाकलतात आणि सोसायटीचा वॉचमन चोर समजतो.

डंपिंग बंद झालं म्हणजे या लोकांची सुटका झाली, असं म्हणणारे भले लोक मला भेटतात. त्यांचा हेतू चांगला असतो. तिथे कुणी राहू नये, एकाही मुलाने पाऊल टाकू नये, हे मी त्यांच्याहून जास्त पोटतिडकीने म्हणेन. मुंबईच्या २००९ च्या मानवी विकास अहवालात आमचा एम पूर्व विभाग सगळ्यात खाली होता, निर्देशांक ०.०५. क्षयरोग आमच्याकडे घराघरांत आहे. २०२२ च्या शेवटी गोवरची साथ आली ती गोवंडीपासूनच पसरली आणि लहान मुलं दगावली. पाण्याचे ड्रम विकत घ्यावे लागतात. आईचा खोकला शेवटची कित्येक वर्षं थांबला नाही. पण या सगळ्यावर उपाय म्हणून तिची गोणी काढून घेतली आणि हातात दुसरं काही दिलं नाही, तर तिने खायचं काय? रोजी काढून घेणं म्हणजे सुटका असेल, तर संपानंतरचे गिरणी कामगारही सुटले होते.

आणि आता धारावी. २०२४ च्या ऑक्टोबरात राज्य सरकारने देवनारच्या जागेपैकी सुमारे १२४ एकर धारावी पुनर्विकासासाठी द्यायचं ठरवलं. धारावीतच घर मिळायला जे ‘अपात्र’ ठरतील त्यांना इथे वसवायचं आहे. आमचा माल इतकी वर्षं धारावीला गेला, आता धारावीची माणसं आमच्याकडे येणार. त्यांच्याशी आमचं भांडण नाही, तेही आमच्याच साखळीतले. प्रश्न असा आहे की ज्या जमिनीखाली अजून वायू आहे आणि काळं पाणी झिरपून ठाण्याच्या खाडीला मिळतं आहे, तिथे माणसं राहायला आणायची घाई सरकारला आहे, आणि त्याच जमिनीवर पन्नास वर्षं काम केलेल्यांची यादी करायला मात्र सवड नाही. जागेला किंमत आली तेव्हा डोंगर दिसला. नुसती माणसं होती तोवर तो कुणाला फारसा दिसत नव्हता.

वेचणाऱ्यांची नोंद करून त्यांना व्यवस्थेत घेणं होण्यासारखं नाही, असं कुणी म्हणेल तर त्याला पुण्याला पाठवावं. १९९३ मध्ये तिथे कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत स्थापन झाली. एसएनडीटी विद्यापीठाच्या प्रौढ शिक्षण विभागातल्या पौर्णिमा चिकरमाने आणि लक्ष्मी नारायण वेचणाऱ्या बायकांमधून हे काम उभं करत होत्या, आणि हमालांची संघटना बांधलेले डॉ. बाबा आढाव त्यांच्या पाठीशी होते. पुणे आणि पिंपरी-चिंचवड महापालिकांनी या संघटनेची ओळखपत्रं मान्य केली. त्या एका कार्डाने पोलीस चौकीतली वागणूक बदलली, हे त्या बायका आजही सांगतात. पुढे ‘स्वच्छ’ ही सहकारी संस्था उभी राहिली आणि २००८ मध्ये पुणे महापालिकेशी करार झाला. आज साडेतीन हजारांच्या आसपास वेचक, त्यात बहुसंख्य बाया, दारोदारचा कचरा उचलतात. घरागणिक ठरलेली फी मिळते आणि वेचलेला माल विकून पैसे मिळतात. भांडणं तिथेही आहेत. कराराची मुदत संपत आली की दर वेळी ठेकेदाराच्या नावाची चर्चा सुरू होते. तरी कचऱ्याच्या ढिगावरून दारापर्यंत, आणि भंगाराच्या भावावरून सेवेच्या मोबदल्यापर्यंत, असा प्रवास आपल्याच राज्यात झालेला आहे.

मुंबईतही वाट अगदीच नाही असं नाही. स्त्री मुक्ती संघटनेने ज्योती म्हापसेकर यांच्या पुढाकाराने नव्वदच्या दशकाच्या शेवटी ‘परिसर विकास’ हा कार्यक्रम सुरू केला. वेचणाऱ्या बायकांना खत करणं, बायोगॅस चालवणं, सोसायट्यांचा कचरा हाताळणं शिकवलं. ज्या बाईला सोसायटीच्या फाटकातून हाकलत होते तिला त्याच फाटकातून ओळखपत्र लावून जाताना मी पाहिलं आहे. फक्त हे काम संस्थेच्या बळावर चाललं. शहराच्या व्यवस्थेने ते आपलं मानलं नाही.

बाहेरच्या देशांतून दोनच उदाहरणं देतो, कारण त्यांत आपल्यासाठी धडा आहे. ब्राझीलमध्ये रिओचं ग्रामाशो नावाचं अवाढव्य डंपिंग २०१२ मध्ये बंद झालं. तिथल्या वेचकांची संघटना होती, नोंद होती, म्हणून हजाराहून जास्त लोकांना एकरकमी भरपाई मिळाली. पण कबूल केलेल्या पुढच्या सोयी नीट आल्याच नाहीत आणि पैसे संपल्यावर वस्ती पुन्हा हलाखीत गेली. म्हणजे नुसती रक्कम पुरत नाही, पुढचं काम लागतं. कोलंबियातल्या बोगोटाच्या वेचकांनी न्यायालयात लढून हक्क मिळवला, आणि २०१३ पासून ते शहर त्यांना वेचलेल्या मालाच्या वजनावर मोबदला देऊ लागलं. भंगाराचे पैसे वेगळे, शहराची सेवा केल्याचे वेगळे. आपल्याकडे ठेकेदाराला टनामागे पैसे मिळतातच. बाईने कचऱ्यातून काढलेल्या किलोला तो हिशेब का लागू नये?

आणि डोंगर तसाच राहू दिला तर काय होतं, हेही जगाने पाहिलं आहे. २००० च्या जुलैत मनिलाच्या पायातासला पावसात कचऱ्याचा कडा कोसळून दोनशेहून जास्त माणसं गाडली गेली. २०१७ च्या मार्चमध्ये अदिस अबाबाच्या कोशे डंपिंगवर तेच झालं, शंभराहून जास्त गेली. त्याच वर्षी दिल्लीच्या गाझीपूरलाही ढिगारा घसरून बळी गेले. म्हणून डोंगर ठेवा, असं मी कधीच म्हणणार नाही.

कायद्याचं पाठबळ नवं मागायचीही गरज नाही. २०१६ च्या घनकचरा व्यवस्थापन नियमांतच कचरावेचकाची व्याख्या आली आणि त्यांना ओळख देऊन व्यवस्थेत सामावून घेण्याची जबाबदारी स्थानिक संस्थांवर टाकली गेली. केंद्राच्या ‘नमस्ते’ योजनेत २०२४ पासून कचरावेचकांचाही समावेश झाला. त्यात नोंदणी आहे, सुरक्षा साहित्य आहे, आरोग्य विम्याचं कार्ड आहे. कागद तयार आहे. त्यावर देवनारच्या बायकांची नावं घालायची आहेत.

म्हणून मागण्या साध्या आहेत. पहिली, डोंगराच्या भोवतीच्या रफीनगर, बाबानगर, पद्मानगर, बैंगनवाडी या वस्त्यांत खुली नोंदणी करा. पुरावा म्हणून काटेवाल्यांच्या वह्या ग्राह्य धरा, शेजारणींची साक्ष धरा, संस्थांच्या याद्या धरा. माझ्या वह्या मी द्यायला तयार आहे. त्यात आमच्या धंद्याच्या काही गोष्टी उघड्या पडतील, पडू द्या. दुसरी, उपशाच्या कामात चाळणी, छाननी आणि माल निवडणं या कामांवर पहिला हक्क नोंदणी झालेल्यांचा राहील, किमान वेतन, प्रॉव्हिडंट फंड आणि ईएसआयसह, ही अट कंत्राटात घाला. काम आधीच कुणाला दिलं असेल तर पुरवणी करार करा. रस्त्याच्या कामाचा खर्च वाढला की तो होतोच. तिसरी, तीन वर्षांनी उपसा संपेल, तेव्हा या बायकांना पुन्हा रस्त्यावर यावं लागू नये म्हणून प्रभागांतली सुक्या कचऱ्याची केंद्रं त्यांच्या सहकारी संस्थांना चालवायला द्या आणि सेवेचा मोबदला ठरवा. चौथी, अस्वच्छ व्यवसायातल्या पालकांच्या मुलांसाठी असलेली शिष्यवृत्ती या मुलांपर्यंत पोचवा. दाखल्याअभावी ती अडते, आणि नोंदणी झाली की तो दाखला मिळणं सोपं होईल.

यातल्या कशालाच दोन हजार कोटी लागत नाहीत. लागते ती एक यादी, आणि ती करायची इच्छा.

आता वाचकांसाठी दोन शब्द. तुमच्या घरातला सुका कचरा कोरडा ठेवा. सॅनिटरी पॅड आणि डायपर कागदात गुंडाळून त्यावर लाल ठिपका काढा. पुण्याच्या वेचक बायकांनीच ही मोहीम चालवली आहे. फुटलेली काच आणि इंजेक्शनची सुई नुसती पिशवीत टाकू नका. हे केल्याने देवनार हटणार नाही, पण आज रात्री कुणाचा तरी हात कापायचा वाचेल. आणि तुमच्या प्रभागाचा नगरसेवक दारात आला, तर रस्ते-पाण्याच्या प्रश्नांबरोबर त्याला हाही एक प्रश्न विचारा: देवनारच्या हजेरीपटावर आजपर्यंत किती नावं चढली? तो कचऱ्याचे टन सांगायला लागेल. त्याला थांबवा आणि माणसांचा आकडा मागा. मिळेपर्यंत मागत राहा.